गेमच्या फोल्डरमधली जुनी फाइल

“नुसतं बघा भाऊ, हात लावू नका.”

कंप्युटर दुरुस्त करणाऱ्यालाच असं बजावणारं गिऱ्हाईक तुम्ही पाहिलंय का? मी पाहिलंय. पिंपळे सौदागरला माझं छोटं दुकान आहे. ते गिऱ्हाईक म्हणजे काका. तिथे यायचे ते कंप्युटरचा डबा पोटाशी धरून. टेबलावर ठेवला तरी त्यांचा एक हात त्याच्यावरच. मी स्क्रू पिळायला घेतला की श्वास रोखून उभे राहायचे. “काका, श्वास घ्या, नाहीतर आधी तुम्हालाच उघडावं लागेल,” म्हटलं की ओशाळून हसायचे.

काका जुन्या गावठाणातले. चाकणच्या एका कंपनीत स्टोअर सांभाळून निवृत्त झालेले. बायको वारलेली, घरात ते आणि त्यांची मुलगी. तिला सगळे ताईच म्हणायचे. तिशी उलटलेली ताई जन्मापासून बोलत नव्हती. तिला एकच गोष्ट आवडायची, गाडी पळवायचा एक जुना गेम. जॉयस्टिकची दांडी हातात आली आणि पडद्यावर रस्ता पळू लागला की ती शांत. गेम बंद पडला की भिंतीवर डोकं आपटायची. काकांनी त्या भिंतीला गोधडी ठोकली होती. ती पाहिली आणि मी त्यांची चेष्टा करणं सोडलं.

भीती खोटी नव्हती. अशा जुन्या गेमना चित्रं दाखवायला आणि दांडी कुठे वळली ते कळायला काही सामायिक फाइली लागतात. त्याच नावाच्या फाइली नव्या विंडोजमध्येही असतात, पण या गेमला त्या चालत नव्हत्या. त्याच्या जुन्या फाइली त्याच्याच फोल्डरमध्ये असाव्या लागत. त्यातली एक जरी हलली तरी पडद्यावर चौकट यायची, फाइल सापडत नाही म्हणून. मग काकांचा फोन. “भाऊ, चौकट आली.” एवढंच बोलायचे, आणि तेही कापऱ्या आवाजात.

कंपनीत खंडेनवमीला मशिनी पुसून पूजा करायची आणि त्याआधी स्टोअरमधला जास्तीचा माल काढायचा, अशी त्यांची जन्माची सवय. घरी ते कंप्युटरची पूजा करायचे. एका वर्षी पूजेआधी त्यांनी आतूनही झाडलोट केली. एकाच नावाची फाइल दोन फोल्डरमध्ये दिसली. एकच माल दोन रॅकवर कशाला, म्हणून त्यांनी गेममधली उडवली आणि वर रिसायकल बिनही रिकामा केला.

त्या दिवशी त्यांचा फोन आला. मागून नुसता धपधप आवाज येत होता. मी गाडी काढून सुटलो.

डब्याला झेंडूची माळ होती, हळदकुंकू लावलेलं होतं. काका भिंतीला पाठ लावून बसले होते, मध्ये स्वतःची छाती घालून. ताई त्यांच्या छातीवर डोकं आपटत होती.

“माझ्याच हातानं घालवलं हो भाऊ.”

फाइलची प्रत माझ्या पेनड्राइव्हवर होती. ती टाकली, रस्ता पळू लागला, ताई दांडीपाशी जाऊन बसली. काका मात्र तसेच बसून राहिले. “मी गेल्यावर हिचं कसं व्हायचं?”

“फाइल माझ्याकडे आहे काका. कुठं जात नाही ती.”

“हाय ना? मग झालं,” ते म्हणाले आणि डोळे पुसले. मलाही तेव्हा ते पटलं होतं.

यंदा काका गेले. छातीत कळ आली आणि दवाखान्यात पोचेपर्यंत सगळं संपलं. त्यांची बहीण, ताईची आत्या, घरात राहायला आली. दिवसकार्य झाल्यावर तिचा फोन आला. “लवकर या, कंप्युटर बिघडलाय. पोरगी सकाळपासून डोकं आपटतीया.”

मी पेनड्राइव्ह घेऊन पोचलो. चौकट आलेली नव्हती. गेम सुरू होता, रस्ता दिसत होता, इंजिनाचा आवाज येत होता. ताईचं पडद्याकडे लक्षच नव्हतं. मी दांडी तिच्या हातात दिली. तिने ती भिरकावली आणि काका पाठ लावून बसले होते त्याच भिंतीकडे पुन्हा वळली.

“काय बिघडलंय?” आत्याने तिला मागून कवेत धरत विचारलं.

“काहीच नाही, आत्या.”

“मग करा की काहीतरी!”

मला दुसरं काही येत नव्हतं. मी गेमचं फोल्डर उघडलं आणि एकेक फाइल पुन्हा तपासत बसलो. सगळ्या जागेवर होत्या.