टिकली लावली आणि धर्माआजोबा बोलले

मंडळी, आमच्या वैशाखरे गावाहून आत्ताच मुरबाडला आलो आणि थेट सायबर कॅफेत बसलोय. सांगितल्याशिवाय राहवत नाही.

आमच्या शेजारचे धर्माआजोबा एकाहत्तरच्या लढाईत होते. त्यांच्या आठवणी शूट करायला मित्राचा हँडीकॅम घेऊन गेलो. पण कॅमेऱ्याचा लाल दिवा पेटला की आजोबा उठून सावधान उभे राहायचे, नाव, नंबर, पलटण सांगायचे आणि गप्प. साहेबापुढे हजेरी द्यावी तसे.

शेवटी त्यांच्या बायकोने, म्हणजे आजीने, आरशावरची टिकली काढून त्या दिव्यावर चिकटवली. "बोला आता. सायेब गेला."

आजोबा हसले, खाली बसले आणि सुरूच झाले. लढाई थांबल्याची बातमी आली तेव्हा त्यांनी पंजाबी, मद्रासी, सगळ्या जवानांना आपला गौरीचा नाच शिकवला होता. सांगता सांगता उठून नाचायलाच लागले.

"पाय चुकतोय तुमचा," म्हणत आजीही कॅमेऱ्यासमोर आली. नाचता नाचता म्हणाली, "येवढी वर्सं मला का नाय सांगितलंत?"

"तू इचारलंस कधी?"

टिकली अजून कॅमेऱ्यावरच आहे. तुमच्या घरात कोणाला विचारायचं राहिलंय? हँडीकॅम रविवारपर्यंत माझ्याकडेच आहे.