हाती आलेलं पान

फोन शोभावहिनींचा होता. "भाऊ गेले," एवढंच म्हणाल्या. मी शेगावहून निघालो, बुलडाण्यापर्यंत आलो, आणि धाडच्या गाडीत न बसता तिथूनच परत फिरलो. अंत्यविधीला गेलो नाही. आज चार महिन्यांनी हे लिहितो आहे...

दिनकरभाऊ इंगळे चाळिशीपर्यंत पत्त्यांवर जगले. जालन्यापासून अकोल्यापर्यंत जुगाराच्या अड्ड्यांवर त्यांचं नाव होतं. समोरच्याची पानं ते त्याच्या चेहऱ्यावर वाचायचे. स्वतःचा चेहरा मात्र कोरा. एके वर्षी मुलीने शाळेच्या फॉर्मवर वडिलांचा व्यवसाय काय लिहू, असं विचारलं आणि भाऊंनी पत्ते सोडले. धाडला पडीक जमीन भाड्याने घेतली, स्वतः दगड वेचले आणि फुटबॉल क्लब काढला. सगळं गाव क्रिकेटचं; लोक हसले. भाऊंनी पुढच्या वर्षीच्या फॉर्मवर 'क्लबचे मालक' असं लिहून दिलं. मी त्यांचा गोलकीपर, सामना झाला की वहिनींच्या हातची भाकरी खाणारा, घरातलाच एक.

जिल्ह्याच्या अंतिम सामन्याआधी सरावात माझा उजवा खांदा निखळला. बसवून घेतला, पण हात डोक्यावर जाईना. हे मी फक्त भाऊंना सांगितलं. दुसऱ्याला उभा करा म्हणालो. ते म्हणाले, "तुह्याशिवाय टीम नाही बे. खेळ." मी खेळलो. समोरच्यांचे फटके सारखे उजवीकडे, उंच येत राहिले... आम्ही वाईट हरलो. गावाने मला बोल लावला, मीही स्वतःला लावला. भाऊ एकटे माझ्या बाजूने बोलले. खांद्याचं ऑपरेशनही त्यांनीच करवलं. मी खेळ सोडला, शेगावला मास्तर झालो आणि इतकी वर्षं त्यांचे उपकार मानत राहिलो.

गेल्या दिवाळीनंतर त्यांना भेटायला गेलो. अंथरुणाला खिळले होते. वहिनी चहा ठेवायला आत गेल्या, तेव्हा भिंतीकडे बघत म्हणाले, "तुह्या खांद्याचं म्याच सांगतलं होतं त्यायले. पैसाबी त्यायच्यावरच लावला होता."

मला आधी उमजलंच नाही. मग विचारलं, "काऊन, भाऊ?"

"पान हातात आलं होतं... खेळल्याबिगर राहवलं नाही."

अडचण होती म्हणाले असते, मैदानाचं भाडं थकलं होतं म्हणाले असते, तर कदाचित मी गिळलं असतं. चहा न घेता उठलो. ऑपरेशन कोणत्या पैशातून झालं, ते परतीच्या गाडीत लक्षात आलं. तीच शेवटची भेट.

ते गेल्यावर पंधरा दिवसांनी वहिनींनी बोलावून क्लबच्या खोलीची किल्ली हातात दिली. तुमच्याशिवाय कोणावर त्यांचा भरोसा नव्हता, म्हणाल्या. त्यांना काहीच ठाऊक नसावं. मीही सांगितलं नाही. पोरांना मैदान हवं होतं, म्हणून किल्ली घेतली. आता दर शनिवारी शाळा सुटली की धाडला जातो. खोलीत भाऊंची खुर्ची आहे, भिंतीला पाठ टेकवून ठेवलेली. मागून कुणी आपली पानं पाहू नयेत, ही सवय त्यांनी इथेही सोडली नव्हती. मी पोरांसोबत बाकावर बसतो. खुर्चीत का बसत नाही, असं ती विचारतात. ती भाऊंची जागा आहे, असं मी सांगतो. पोरांना तो आदर वाटतो.