आबांनी खेळून बघितलेले गेम

जुना व्हिडिओ गेम विकायचा असेल तर आधी तो दुकानदाराने स्वतः खेळून शेवटपर्यंत जिंकायचा, असला उफराटा नियम अख्ख्या पुणे जिल्ह्यात एकाच माणसाने केला असेल, आणि तो माणूस नेमका पिरंगुटला, माझ्या भाड्याच्या खोलीच्या खाली दुकान टाकून बसला होता. सगळा बाजार त्यांना आबा म्हणायचा, म्हणून मीही आबा म्हणतो. गाळा एवढासा. दारावर पाटी : ‘टीव्ही गेम. नवे व जुने. जुना द्या, दुसरा न्या.’ आत भिंतभर कॅसेटी, एक टीव्ही, आणि टीव्हीसमोर सतरंजीवर मांडी घालून, चष्मा कपाळावर चढवून, रिमोट दोन्ही हातांत घट्ट धरून बसलेले साठीचे आबा. गिऱ्हाईक आलं तरी मान वळवायची नाही. “थांबा जरा. राजवाड्यात शिरलोय,” एवढंच म्हणायचे. मग गिऱ्हाईक थांबायचं. दुसरं काय करणार?

मी मूळचा परभणीचा. इथल्या एका कारखान्यात स्टोअर्सच्या टेबलावर नोकरी लागली म्हणून आलो. लग्न झालेलं नव्हतं, ओळखीचं कोणी नव्हतं, आणि इथल्या सगळ्या कारखान्यांना असते ती गुरुवारची सुट्टी अक्षरशः खायला उठायची. एक जुना टीव्ही घेतला, त्याला लावायचा गेमचा डबा घेतला, आणि खाली जाऊन शेल्फवरची किल्ल्याच्या चित्राची एक जुनी कॅसेट उचलली.

“ती न्हाई मिळायची,” आबा टीव्हीकडेच बघत म्हणाले. “अजून माजी खेळून झाली न्हाई.”

मला वाटलं, म्हातारा चेष्टा करतोय. नवीन कॅसेट हवी तर न्या, म्हणाले, ती पाकिटातून निघते तशी देतो, तिचं काय ते बनवणारा बघेल. जुनीचं मात्र मी बघणार. जुन्या कॅसेटी म्हणे फसव्या असतात. सुरुवातीला लोण्यासारख्या चालतात आणि ऐन रंगात आल्यावर चित्र जागच्या जागी थिजतं. माझं डोकं आधीच तापलेलं. म्हटलं, “अहो आबा, द्या की तशीच! थिजली तर आणून देईन परत.”

तेव्हा त्यांनी पहिल्यांदा मान वळवली. “तू आणून देशील रं. मी बदलून बी दीन. पर तुजा गुरुवार गेला, त्यो कोन आणून दील?”

मी कॅसेट शेल्फवर परत ठेवली आणि वर गेलो. पुढच्या आठवड्यात खोलीचं दार वाजलं. माझी खोली आणि गाव विचारून घेऊन आबा स्वतः जिना चढून आले होते. “घे परभणी. श्येवटापातूर खेळलोय. गॅरंटी.” तेव्हापासून मी त्यांच्यासाठी कायमचा परभणी झालो.

आबा मुळात ड्रायव्हर. कामगारांना ने-आण करणारी कंपनीची बस त्यांनी आयुष्यभर चालवली. तिन्ही पाळ्यांची माणसं त्यांच्याच गाडीत डुलक्या घेत घरी जायची, त्यामुळे सुट्टी ही काय चीज असते हे त्यांना माझ्यापेक्षा जास्त कळायचं. कंपनीला टाळं लागलं तेव्हा बायको, म्हणजे आमच्या काकी, म्हणाल्या होत्या की किराणा टाका. आबा म्हणाले, किराण्याचं दुकान प्रत्येक आळीला हाय, पण पोरांना आन् थकलेल्या माणसांना खेळायला पिरंगुटात काय हाय? काकी हे मला सांगायच्या आणि वर जोडायच्या, “आता बग, सोताच खेळत बसल्यात!”

पण ड्रायव्हरकी अंगातून गेली नव्हती. मोटारींच्या शर्यतीचा गेम तपासायला आला की आबांची पंचाईत व्हायची. पडद्यावरच्या रस्त्यावरही ते डावी बाजू सोडायचे नाहीत. मागून कोणी आलं की साइड द्यायचे. वळणावर हमखास वेग कमी. साहजिकच दरवेळी शेवटचा नंबर, आणि पहिला नंबर आल्याशिवाय पुढचा रस्ता उघडत नाही. मी ओरडायचो, “आबा, घुसा की! धडकवा त्याला!” ते म्हणायचे, “आरं, त्याच्यात बी कोनतरी बसलं आसंल.” शेवटी एकदा दातओठ खाऊन ते घुसले, जिंकले, आणि इतके ओशाळले की त्या दिवशी चहासुद्धा नीट प्यायले नाहीत.

त्यातून ते भारनियमनाचे दिवस. त्या गेमांना मध्येच थांबून जिथून सोडलं तिथून सुरू करायची सोय नव्हती. वीज गेली की सगळं गेलं. आबा सकाळपासून झुंजत झुंजत शेवटच्या राक्षसापर्यंत पोचायचे आणि फट्! अख्ख्या आळीतून “गेऽऽली!” असा आवाज उठायचा. मी असतो तर रिमोट भिंतीवर हाणला असता. आबा काळ्या पडद्याकडे बघत, वीज मंडळाला नाही, राक्षसालाच म्हणायचे, “ऱ्हा तिथंच. येतो परत.” आणि खरंच परत पहिल्यापासून सुरू करायचे. त्यामुळे एकेका कॅसेटीसाठी लोक आठवडेच्या आठवडे ताटकळायचे. वैतागायचे, शिव्या घालायचे, पण जायचे मात्र आबांकडेच.

अशी बरीच वर्षं गेली. मग हळूहळू आबा कॅसेटी नाकारू लागले.

सुरुवातीला त्यांनी रिमोटला दोष दिला. “बटन दाबलं तरी उडी उशिरा येती,” म्हणाले. रिमोट उघडले, पुसले, आतली रबरं बदलली, नवीन आणले. तरी तेच. मग म्हणू लागले, कॅसेटच दमलीय. कोणी जुना गेम बदलायला आणला की चार दिवसांनी उत्तर ठरलेलं : “ह्यो चालत न्हाई. माणूस खड्ड्यात पडतोय.” नाकारलेले गेम कोणी परत नेले, कोणी वैतागून तिथेच टाकले. टाकलेल्यांचा एक खोका शेल्फखाली भरत चालला.

एकदा शेजारच्या चाळीतली एक बाई आली. नवरा कारखान्यात प्रेसवर कामाला. पोराचा वाढदिवस होता म्हणून घरातला जुना गेम देऊन दुसरा न्यावा, एवढाच तिचा बेत. आबांनी कॅसेट परत तिच्या हातात ठेवली. “तिसऱ्या टप्प्याच्या फुडं जात न्हाई ही, ताई.”

“आवो, माजं पोरगं रोज जिंकतंय की!”

“खोटं सांगत आसंल पोरगं.”

बाईचा चेहरा पडला. कॅसेट पदराखाली घेऊन ती गेली. मी तिथेच उभा होतो. आबा कोणाच्या पोराला खोटं म्हणतील, हे मला पटेचना. वर जाताना मी तो खोकाच उचलला आणि म्हटलं, “आबा, नाहीतरी हे टाकूनच द्यायचेत, मी नेतो.”

“ने. पर तुजा गुरुवार वाया जाईल,” ते म्हणाले.

गुरुवार वाया गेला नाही. गेला असता तर फार बरं झालं असतं. पहिली कॅसेट लावली, नीट चालली. दुसरी नीट चालली. तिसरीत त्यांचा तो खड्डा आला. मी बटण दाबलं, पडद्यावरच्या माणसाने वेळेवर उडी मारली आणि पलीकडे गेला. हे लक्षात घ्या की मी भिकार खेळाडू. चाळीतली शेंबडी पोरं मला हरवायची. तरी पुढच्या काही गुरुवारांत त्या खोक्यातली एकेक कॅसेट मी शेवटपर्यंत नेली. कॅसेटीत काही बिघाड नव्हता. बिघडले होते ते आबांचे हात.

मी काकींना गाठलं. त्या दाराशी तांदूळ निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, “मला ठावं हाय. चा बशीत वततानी निम्मा खाली जातोय. सदऱ्याच्या गुंड्या मी लावतीया. पर म्यां सांगितलं तर अंगावर येत्यात. तू शिकल्याला हायेस, तुजं ऐकतील.”

शिकलेला! कारखान्यातल्या नटबोल्टांचा हिशेब लिहिणारा मी. माणसाला त्याचेच हात त्याचं ऐकत नाहीत हे कसं सांगायचं, हे मला कोणत्या कॉलेजात शिकवलं होतं? पण सांगणं भाग होतं, नाहीतर उद्या आणखी एखादं पोर खोटं ठरलं असतं. मी खोका घेऊन दुकानात गेलो आणि एका दमात बोलून टाकलं, “आबा, यातला एकही गेम खराब नाही. सगळे शेवटपर्यंत चालतात.”

“कुनी खेळलं?”

“मी.”

“तू?” ते हसले. “तुला जमलं?”

आणि हसता हसता थांबले. मला जमलं, यातच सगळं आलं होतं. “लाव,” म्हणाले. मी कॅसेट लावली. आबांनी मांडी घातली, चष्मा कपाळावर चढवला. खड्डा आला. उडी उशिरा आली. माणूस पडला. परत पहिल्यापासून. परत पडला. काकी आतून येऊन उभ्या राहिल्या. वीज जायची वेळ झाली होती. त्या घड्याळाकडे बघत होत्या, मीही बघत होतो. आयुष्यात पहिल्यांदा मी मनातल्या मनात हात जोडून म्हणत होतो, जा बाई एकदाची, घालव तो पडदा! रोज न चुकता जाणारी ती वीज त्या दिवशी काही केल्या जाईना. आबा पडत राहिले आणि आम्ही दोघं बघत राहिलो.

शेवटी त्यांनी रिमोट सतरंजीवर ठेवला. उजव्या हाताचा अंगठा डाव्या हाताच्या मुठीत धरला. तो तिथेही हलत होता.

“त्या बाईचं घर कुटं हाय?” त्यांनी विचारलं.

मी त्यांना चाळीत घेऊन गेलो. बाईने दार उघडलं, मागून पोरगं डोकावलं. आबा उंबऱ्याबाहेरच उभे राहून पोराकडे बघत म्हणाले, “बाळा, तू खरं बोलत हुतास. गेम चांगला हाय. खोट माज्यात हाय.” बाई गोंधळली, या बसा म्हणाली, पाण्याचा तांब्या पुढे केला. आबांनी दोन्ही हात पाठीमागे घेतले आणि नको म्हणाले. मग आणखी ज्यांचे ज्यांचे गेम परत पाठवले होते, त्या सगळ्यांच्या दारात ते गेले. प्रत्येक दारात तेच वाक्य. मी बरोबर चालत होतो, आणि त्यांना आवरावं की त्यांच्याबरोबर मीही माफी मागावी, हेच मला कळत नव्हतं.

पौडच्या डॉक्टरांनी पुण्याला पाठवलं. पुण्याच्या डॉक्टरांनी कंपवात म्हणून सांगितलं. गोळ्यांनी वाढ जरा हळू होईल, थांबणार नाही. मी ऑफिसात चार लोकांना विचारलं, कोणी आयुर्वेद सांगितला, कोणी मालिश. सगळं झालं. आबा निमूटपणे सगळं करून घ्यायचे. मला इतकी चीड यायची, पण काढायची कोणावर? गोळीवर? डॉक्टरांवर? जिना चढताना दुकानाकडे न बघता वर जायची सवय लागली मला, कारण बघितलं की काहीतरी करावंसं वाटायचं, आणि करण्यासारखं काहीच नव्हतं.

लोक मात्र चांगले. तीच बाई पोराला घेऊन आली. “आबा, ह्यो खेळंल, तुमी बगा आन् गॅरंटी द्या.” आम्हा सगळ्यांना वाटलं, झालं, प्रश्न सुटला! पोरगं खेळलं, आबांनी शेवटपर्यंत बघितलं, पाठ थोपटली, आणि कॅसेट शेल्फवर ठेवून दिली. विकली नाही. मी भांडलो. काकी भांडल्या. “बघनं येगळं, खेळनं येगळं,” यापलीकडे ते एक अक्षर बोलले नाहीत. रोज फडक्याने जुन्या कॅसेटी पुसायचे आणि विकायचे फक्त नव्या. पुढे पोरं मोबाइलवर खेळू लागली आणि नव्याही खपेनाशा झाल्या.

मला चाकणला दुसरी नोकरी लागली. सामान टेम्पोत चढवलं आणि दुकानात निरोप घ्यायला गेलो. आबा आता खुर्चीवर बसत. टीव्ही बंद होता. मी शेल्फवरची एक जुनी कॅसेट काढली. “आबा, ही नेतो. तुमच्याकडची एक असू दे माझ्यापाशी.”

“द्या की वो,” काकी म्हणाल्या. “येवढं मागतोय पोरगं.”

आबा उठले. शेल्फला धरून माझ्यापर्यंत आले, माझ्या हातातून कॅसेट घेतली आणि तिच्या जागी परत ठेवायला गेले. ती खाचेत बसेना. कडेला आपटत राहिली. काकी पुढे सरकल्या तसं त्यांनी डोळ्यांनीच त्यांना थांबवलं. मी हात खिशात घालून उभा राहिलो. बऱ्याच वेळाने ती बसली.

“आबा,” मी म्हणालो, “थिजली तर थिजली हो. मला चालेल.”

“तुला चालंल रं,” आबा म्हणाले. “मला न्हाई चालत.”