दुसरी घागर

प्रयागबाई जाऊन तीन वर्षं झाली, तरी आसेगावचे जगदेव आबाजी बाहेर पडताना "येतो व" असं रिकाम्या घराला सांगूनच कडी लावतात. सकाळी एकच भाकर थापायची, तीही वेडीवाकडी, आणि तिला नावं ठेवत खायची. मग ओट्यावर बसून जाणाऱ्यायेणाऱ्याला हटकायचं. म्हातारा तोंडाचा फटकळ, पण दिवसभरात चार माणसं बोलली नाहीत तर त्याचाच जीव कासावीस होतो.

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, मात्र ते मन लावून रांधतात. त्या दिवशी घरातल्या गेलेल्या माणसाच्या नावानं पाण्याची घागर भरायची आणि त्याच्या जागी कुणाला तरी पाटावर बसवून जेवू घालायचं. प्रयागबाईच्या पाटावर शेजारची वैजयंती बसते.

यंदा आदल्या दिवशी त्यांनी पुण्याला पोराला फोन लावला. "शिवम, तू भरतं का रे मायची घागर?"

"इथं कायची घागर, बाबा. तुमी भरता ना? मंग झालं."

आबाजींनी फोन ठेवला. पोरगं वाकडं काहीच बोललं नव्हतं, म्हणूनच ते जास्त लागलं. आपण आहोत तोवर प्रयागाला पाणी आहे. आपल्यामागं आपल्याला कोण देणार? ते उठले, कुंभाराकडे गेले आणि एकीच्या जागी दोन घागरी घेऊन आले.

दुसऱ्या दिवशी वैजयंती आली, तर दोन भरल्या घागरी, दोन पाट आणि रस-कुरडया वाढलेली दोन ताटं.

"आबाजी, हे दुसरं कोनाचं?"

"माहं."

"जित्या मानसाची घागर भरते का कोनी?"

"मंग मांगून कोन भरन? तू सांग."

आबाजी रिवाजाप्रमाणे आधी तिच्या पाया पडले. दुसऱ्या पाटावर बसणाऱ्याच्या पाया पडायला घरात कुणी नव्हतं. ते स्वतःच त्यावर जाऊन बसले आणि खाली मान घालून जेवू लागले.

जेवण उरकत आलं तेव्हा फोन वाजला. शिवमचा होता. आबाजींनी हात लावला नाही.

"तूच बोल, माय," ते म्हणाले. "सांग त्याले, बापाचं पान वाढून झालं. आता त्याले काई कराची गरज नाई."