मामांना खाली घेताना

लातूरच्या शाळेतून निवृत्त झाल्यापासून मी गावोगाव मरणावर बोलत फिरते. शेवटी नळ्या-मशिनी किती लावायच्या, जीव कुठं जावा, हे माणूस शुद्धीवर असताना त्यालाच विचारा, एवढंच माझं म्हणणं. नातेवाईक लग्नाला बोलावतानाच बजावतात, "ताई, तिथं तुमचा विषय नको."

मुदखेडला माझं भाषण असलं की मामा मात्र पुढच्या खुर्चीत. त्यांची फुप्फुसं निकामी होत चालली होती. एकदा भाषण संपल्यावर त्यांनी माझ्या मामेभावाला शेजारी बसवलं आणि म्हणाले, "मला दवाखान्यात मरू दिऊ नका. बोलता येतंय तवाच घरी खाली घ्या."

आमच्याकडं माणूस जाणार असं दिसलं की त्याला खाटेवरून उतरवून जमिनीवर निजवतात, तोंडात तुळशीचं पाणी घालतात. खाटेवर गेलेल्याचा जीव अडकतो म्हणे. मामांचा त्या अडकण्याबिडकण्यावर विश्वास नव्हता. त्यांना ते पाणी शुद्धीत, स्वतःच्या घशानं गिळायचं होतं. मामेभाऊ "हाव" म्हणाला.

पुढं धाप वाढली आणि त्यानं मामांना थेट नांदेडच्या दवाखान्यात नेलं. मी पोचले तेव्हा तोंडात नळी होती, हात पलंगाला बांधलेले. डॉक्टरांनी स्वच्छ सांगितलं, आता ह्याचा उपयोग नाही, घरी न्यायचं तर न्या. मी म्हटलं, चला. मामेभाऊ रडकुंडीला आला.

"ताई, तुम्ही भाषण करून जाता. मला गावात ऱ्हायचं हाय. लोक म्हणतील, बापाला टाकून दिलं."

मला त्याचा भयंकर राग आला. अजून येतो. पण तो खोटं बोलत नव्हता.

मामांची नाडी बुडायला लागली तेव्हा कुठं आम्ही निघालो. नळीला जोडलेला, श्वास देणारा रबरी फुगा मामेभाऊ मुदखेड येईपर्यंत दाबत राहिला. बाप घरी पोचला तेव्हा जीव होता, एवढं त्याला सांगता यायला हवं होतं. दारात माणसं जमलेली. नळी निघाली, मामांना खाली घेतलं. तुळशीचं पाणी ओठांवरून गालावर ओघळलं. बाया म्हणाल्या, "नशीबवान. घरी गेले."

दहाव्याला श्रद्धांजलीची भाषणं झाली. जो उठेल तो म्हणे, पोरानं काही कमी पडू दिलं नाही. माइक माझ्याकडं आला तेव्हा मी मामांची इच्छा सांगितली, ओघळलेलं पाणीही सांगितलं. लोकांनी माना डोलावल्या. पुढचा वक्ता उठला आणि म्हणाला, पोरानं काही कमी पडू दिलं नाही. मामेभाऊ मुंडण केलेलं डोकं गुडघ्यात घालून रडत होता. त्याच्याकडं बघून मला आपण बोललो ह्याचंही वाईट वाटलं.

परवा मामीला भेटायला गेले. खाट भिंतीला उभी करून ठेवलेली, आणि मामी जमिनीवर सतरंजीवर. गुडघे धरून उठताना तिचा जीव अर्धा होतो.

"मामी, असं का? खाटेवर निजा की."

"नको बाई. माझं मीच घेतलं खाली. तुमच्या कुणाच्या भरवशावर ऱ्हाऊ?"

तिच्या उशाशी तांब्या होता, पाण्यावर तुळशीची पानं तरंगत होती.

"रोज निजताना दोन घोट गिळून घेते," मामी म्हणाली.