चढत्या पाण्याचा आवाज

दादा गेल्याचा फोन आला तेव्हा मी खाडीकाठच्या तळवलीला, सासरच्या घरी कोळंबी सोलत होते. जेवून आडवा झाला तो उठलाच नाही, असं वहिनी म्हणाली. सहा आठवडे झाले त्याला. रडून झालं, आता त्याची आठवण आली की आधी हसूच येतं… आणि त्याला तेच आवडलं असतं.

माझा हा थोरला भाऊ मराठी सिनेमांना पार्श्वसंगीत द्यायचा. पावलं, दारं, वारा, पाणी हे आवाजही स्वतःच हिंडून गोळा करायचा. कुणाकडे जेवायला गेला तरी आधी त्यांचं कुरकुरणारं दार दोनदा उघडून बघायचा. साताऱ्याहून आलेला हा माणूस बारा वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली राबला. नव्वदच्या सुमारास पहिल्यांदा एका सिनेमावर त्याचं एकट्याचं नाव लागणार होतं. वाशीच्या दोन खोल्यांत त्याचा आनंद मावत नव्हता.

त्या सिनेमात शेवटी एक बाई खाडीकाठी उभी असते आणि भरतीच्या पाण्याबरोबर तिच्या नवऱ्याची होडी परत येते. त्यासाठी दादा आमच्या खाडीवर संध्याकाळभर गुडघाभर चिखलात उभा राहिला. चिखलातून येणारा बारीक चुटचुट आवाज त्याने टेपवर घेतला, त्यावर बासरी बसवली. निर्माते बेहद्द खूश झाले. आवाजांचं शेवटचं मिक्सिंग तीन दिवसांवर आलं असताना त्याने कौतुकाने ती टेप माझ्या सासूबाईंना ऐकवली. त्यांचा सगळा जन्म खाडीवर मासे धरण्यात गेलेला.

"बाला, ह्ये उतरतं पानी हाय," त्या म्हणाल्या. "भरतीचं पानी गुपचूप येतं. चिखल बोलतो तो पानी गेल्यावर."

दादाचा चेहरा उतरला. दुसऱ्या दिवशी निर्मात्यांकडे जाताना एकट्याला धीर होईना, म्हणून मला सोबत घेऊन गेला. चिखलाचा आवाज काढून टाकायचा, बासरीही काढायची, फक्त होडीच्या वल्ह्याचा आवाज ठेवायचा, असं त्याने सांगितलं.

"खाडीवरच्या चार म्हाताऱ्या सोडल्या तर कळणार कुणाला?" निर्माते भडकले. "उगाच टेन्शन देऊ नका. नाहीतर मी दुसरा माणूस बघतो."

"त्या चौघी पण तिकीट काढूनच येणार ना, साहेब," दादा म्हणाला आणि खाली मान घालून बसला. गेला सिनेमा हातातून, असं मला वाटलं. मग निर्मात्यांनीच चहा मागवला आणि म्हणाले, "दोन दिवसांत करा."

सिनेमा आम्ही ठाण्याला पाहिला. तो प्रसंग आला. थिएटरात नुसतं वल्हं वाजत होतं. सासूबाईंनी नकळत, भिजेल म्हणून सावरावं तसं लुगडं सावरलं आणि पाय वर खुर्चीवर घेतले. दादाचं पडद्याकडे लक्षच नव्हतं, तो त्यांच्या पायांकडे बघत होता. पुढे पुष्कळ कामं मिळाली, बक्षिसंही मिळाली; पण मनासारखी दाद कोणती, असं कुणी विचारलं की तो हीच सांगायचा.

गेल्या रविवारी सासूबाईंना घेऊन वाशीला गेले. वहिनीबरोबर त्याचं कपाट आवरताना एक टेप सापडली. वर त्याचं अक्षर : 'तळवली. चुकीचं पाणी. पुसायचं नाही.' आम्ही ती लावली. चिखल चुटचुटायला लागला. सासूबाई डोळे मिटून ऐकत होत्या. त्यांना त्रास नको, म्हणून मी बंद करायला हात पुढे केला…

"ऱ्हाऊ दे," त्या म्हणाल्या. "वाजू दे. पानी गेलंय आता."