सगळे सांधे तपासले, डोकं राहून गेलं

"हे पूर्वी बॉक्सिंग करायचे का?"

न्यूरॉलॉजिस्टनी हा प्रश्न मला विचारला. माझा नवरा बॅरी शेजारच्याच खुर्चीत कोट मांडीवर घेऊन बसला होता. समोर उजेडाच्या पेटीवर त्याच्या मेंदूचे फोटो लावले होते, आणि तो त्यांच्याकडे दुसऱ्याच कुणाचे असावेत तसा बघत होता.

"नाही," मी म्हटलं. "तो रग्बी लीग खेळायचा. सिडनीला. अकरा वर्षं."

"हेल्मेट घालून?"

यावर बॅरी मनापासून हसला. "हेल्मेट? डॉक, आमच्याकडे कुणी हेल्मेट घालून आला असता तर त्याला आधी त्याच्याच टीमने मारलं असतं."

डॉक्टर हसले नाहीत. त्यांनी पेन्सिलीच्या टोकाने फोटो दाखवले. त्यांच्या भाषेत याला ॲट्रफी म्हणतात, म्हणजे मेंदू आक्रसणं. मधला एक पातळ पडदा, सेप्टम, तो फाटून दुभंगलेला होता. "असा पडदा मी आजवर बॉक्सर लोकांच्यातच पाहिलाय," ते म्हणाले. आजाराचं नाव त्यांनी डिमेन्शिया प्युजिलिस्टिका असं सांगितलं. प्युजिलिस्ट म्हणजे मुष्टियोद्धा. डोक्यावर वर्षानुवर्षं बसलेल्या ठोशांनी पुढे कधीतरी बुद्धी, स्मरणशक्ती, चालणं, स्वभाव, सगळं हळूहळू जातं. खात्रीने फक्त मेंदू उघडून पाहिल्यावर सांगता येतं, म्हणजे माणूस गेल्यावर.

"औषध?" मी विचारलं.

"नाही," ते म्हणाले. "मला फार वाईट वाटतं."

बॅरी तेव्हा अठ्ठेचाळीस वर्षांचा होता.

ही ऐंशीच्या दशकातली गोष्ट. तुमच्यापैकी कुणाच्या घरात असा खेळलेला माणूस असेल, किंवा आता खेळणारं मूल असेल, तर हे तुमच्यासाठी लिहितेय. गोड करून लिहिणं मला जमणार नाही.

मी फिजिओथेरपिस्ट. मुंबईत शिकले आणि साठीच्या दशकाच्या शेवटी शिकागोच्या एका हॉस्पिटलात नोकरीला लागले. बॅरी माझ्याकडे पेशंट म्हणून आला, उजवा गुडघा घेऊन. खेळातून नुकताच निवृत्त झाला होता आणि मावसभावाकडे घरबांधणीच्या कामाला अमेरिकेत आला होता. सुतारकामात त्याचा हात चांगला होता.

त्याचा खेळ इथे कुणाला माहीत नव्हता. एका बाजूला तेरा माणसं, अंगावर एक जर्सी, आणि बॉल घेऊन धावणाऱ्याला अंगावर पडून पाडायचं. बॅरी प्रॉप होता, म्हणजे सगळ्यात पुढे, जिथे डोकी डोक्यांना भिडतात तिथे. शिकागोत रग्बीचा एक हौशी क्लब होता, तिथे शिकवायला मिळेल म्हणून तो उत्साहाने गेला. पण ते युनियनवाले, रग्बीच्या दुसऱ्या घराण्यातले. लीगमध्ये पैसे घेऊन खेळलेल्या माणसाला त्यांच्या नियमात जागा नव्हती. त्याला मैदानाच्या कुंपणाबाहेरून बघायची परवानगी होती. तो एकदाच गेला.

त्या पहिल्या तपासणीत मी त्याच्या शरीराचा नकाशाच काढला होता. गुडघा, दोन्ही खांदे, तीन वाकडी बोटं, दोनदा मोडलेलं नाक, बरगड्या. प्रत्येक सांध्यापुढे मी नोंद केली. डोक्याबद्दल एकही प्रश्न विचारला नाही. फॉर्मवर तशी जागाच नव्हती, आणि मलाही ते सुचलं नाही.

लग्न झालं, निशा झाली, आम्ही शिकागोजवळ नेपरव्हिलला घर घेतलं. बारा-तेरा वर्षं चांगली गेली. आई सांगलीहून आली तेव्हा बॅरी तिच्यासाठी स्वतः चहा करायचा आणि "आई, साखर?" असं विचारायचा. तेवढंच मराठी, पण आईला ते पुरलं.

मग मापं चुकायला लागली. खिडकीच्या चौकटी आखूड यायच्या. बॅरी एकदा मोजून कापणारा माणूस, तो आता तीनदा मोजून चुकीचं कापायचा. चालताना एक पाय किंचित ओढायचा. बोलताना जीभ जड व्हायची. राग असा यायचा की निशा खोलीचं दार लावून घ्यायची.

एका शनिवारी आम्ही डेव्हन ॲव्हेन्यूवर सामान आणायला गेलो. मी डाळ, पोहे, भाजी घेत होते, तो गाडी जवळ आणायला गेला. बाहेर बर्फ पडत होतं. मी पिशव्या घेऊन दुकानाच्या दारात दीड तास उभी होते. तो सापडला तीन चौक पलीकडे, बसस्टॉपवर. गाडी कुठे लावली ते सोडाच, आपण इथे कशाला आलो तेही त्याला सांगता येत नव्हतं.

अडखळती जीभ, झोकांड्या, राग, विसरभोळेपणा. तुम्ही काय समजला असता? आमच्या मराठी मंडळातल्या मालतीकाकूंनी मला बाजूला घेऊन सांगितलं, "अगं, पिणारा माणूस सुधारत नाही. मुलीचा विचार कर." फॅमिली डॉक्टरांनीही तेच विचारलं: दिवसाला किती बिअर?

मी घरातली प्रत्येक बाटली सिंकमध्ये ओतली. तरी त्याचा पाय ओढतच होता, म्हणजे तो बाहेर पिऊन येत असणार. मी त्याच्या ट्रकमध्ये शोधलं, गॅरेजमधल्या रंगाच्या डब्यांमागे शोधलं. एकदा तो दारातून आत येताना मी त्याच्या तोंडाचा वास घेतला. निशासमोर.

"व्हिज, मी नाही प्यायलो. शपथ," तो म्हणाला. माझं नाव विजया. तो मला व्हिज म्हणायचा.

"दारुडा आहेस तू," मी म्हटलं. "निदान खोटं तरी बोलू नकोस."

दोन वर्षं मी त्याला हे ऐकवलं. निशाला घेऊन तीन आठवडे मैत्रिणीकडे जाऊन राहिले. तो तेव्हा खरोखरच एक थेंबही पीत नव्हता.

शेवटी माझ्याच हॉस्पिटलातल्या एका सहकारी बाईने त्याला पार्किंग लॉटमध्ये चालताना पाहिलं आणि म्हणाली, "ही दारू नाही. न्यूरॉलॉजीला दाखव." मग तपासण्या सुरू झाल्या. आधी रक्त. मग ईईजी, म्हणजे डोक्याला तारा चिकटवून मेंदूतल्या विजेचा आलेख काढतात. तो काढणारी मुलगी बॅरीच्या केसांतला डिंक कोमट पाण्याने हळुवार धुऊन द्यायची. तिचे उपकार मी विसरणार नाही. नंतर सीटी स्कॅन, एक्सरेने घेतलेले मेंदूचे काप. वेटिंग रूममध्ये सगळे एकमेकांची नजर टाळायचे.

सगळ्यात वाईट होती स्मरणशक्तीची परीक्षा. सायकॉलॉजिस्टनी त्याला तीन शब्द सांगितले: सफरचंद, टेबल, नाणं. पाच मिनिटांनी विचारले. बॅरीने खूप विचार केला आणि माझ्याकडे पाहिलं, परीक्षेत शेजारच्याकडे बघतात तसं. मला मान खाली घालावी लागली.

निदान झालं त्या दिवशी आम्ही गाडीत येऊन बसलो. मी इंजिन सुरू केलं नाही.

"बॅरी, मी तुला दारुडा म्हणाले. तुझ्यावर विश्वास ठेवला नाही. मला माफ कर."

त्याने माझ्याकडे बघितलं. "कधी म्हणालीस?"

"दोन वर्षं म्हणत होते."

"मला नाही आठवत, लव्ह," तो म्हणाला आणि माझ्या हातावर थोपटलं. "सोड ना."

लोकांना वाटतं, यात सुटका असते. अजिबात नसते. ज्याची माफी मागायची, त्याच्याकडे आता तो अपराधच शिल्लक नव्हता. मी कुणाकडे जाऊ?

डॉक्टरांना हवी होती जुन्या दुखापतींची नोंद. बॅरी किती वेळा बेशुद्ध पडला, किती वेळ, कधी. मी सिडनीच्या त्याच्या क्लबला पत्र लिहिलं, सोबत डॉक्टरांचं पत्र जोडलं. दोन महिन्यांनी जाडसर पाकीट आलं. क्लबकडे अशा नोंदी ठेवल्या जात नसत, असं सेक्रेटरींनी लिहिलं होतं. बॅरीने कधी तक्रार केली नव्हती, उलट तो त्यांच्या सर्वांत खंबीर खेळाडूंपैकी एक होता. सोबत क्लबचा टाय पाठवला होता, सप्रेम भेट. बॅरी खूश झाला. दिवसभर बनियनवर टाय घालून फिरला.

मग मी कॉलिनला फोन लावला. कॉलिन त्याच्या शेजारी खेळायचा, नाताळला न चुकता कार्ड पाठवायचा. मी म्हटलं, "कॉलिन, डोक्याला लागल्याचं जे आठवेल ते सांग. मी लिहून घेतेय."

"एकदा काय झालं, ती फायनलची गोष्ट तर तुला माहीतच आहे," तो हसत म्हणाला.

माहीत होती. पहिल्या हाफमध्ये एकाचा गुडघा बॅरीच्या कपाळावर बसला आणि तो बेशुद्ध पडला. ट्रेनर बादली आणि स्पंज घेऊन धावला, नाकाखाली अमोनिया धरला, उभा केला. "ऊठ बेटा, काही नाही झालं." बॅरी चुकीच्या दिशेला चालायला लागला, तर कॉलिनने त्याला खांद्याला धरून वळवलं. उरलेली सगळी मॅच तो खेळला. दुसऱ्या हाफमध्ये जिंकून देणारा ट्रायही त्यानेच केला, बॉल घेऊन तीन माणसांना ओढत रेषेपलीकडे पडला. आणि ड्रेसिंग रूममध्ये सगळे शॅम्पेन उडवत असताना त्याने विचारलं, "कोण जिंकलं?"

पेपरात त्याचा मोठा फोटो आला होता. ही गोष्ट बॅरी आमच्या प्रत्येक पार्टीत सांगायचा. "कोण जिंकलं?" म्हटलं की सगळे खो खो हसायचे. मीसुद्धा. दर वेळी.

कॉलिनने अजून चार-पाच प्रसंग सांगितले. मी तारखेच्या जागा मोकळ्या सोडून लिहीत गेले. मग तो म्हणाला, "एकदा काय झालं, ती फायनलची गोष्ट तर तुला माहीतच आहे."

मला वाटलं, गंमत करतोय. पण त्याने ती पुन्हा पहिल्यापासून सांगितली, त्याच शब्दांत, त्याच जागी हसत. संपल्यावर म्हणाला, "पण बोलतंय कोण?"

मी नाव सांगितलं, फोन ठेवला आणि स्वयंपाकघरातल्या फरशीवर बसून राहिले.

क्लबला मी दुसरं पत्र लिहिलं. कॉलिनलाही डॉक्टरांकडे न्या, बाकीच्यांनाही तपासा, असं कळवलं. स्कॅनचा रिपोर्ट जोडला. त्याला उत्तर आलं नाही. कॉलिनची नाताळची कार्डं मात्र पुढच्या वर्षीपासून त्याच्या बायकोच्या अक्षरात यायला लागली.

बॅरीचं पुढचं थोडक्यात सांगते. आधी गाडी चालवणं बंद केलं, मग करवत काढून घेतली, मग शर्टाची बटणं लावायला मी लागले. जेवताना ठसका लागायचा. गिळणंही मेंदूच शिकवतो, हे तेव्हा कळलं. स्पीच थेरपिस्टनी सगळं दाटसर करून भरवायला शिकवलं, तेव्हा आपला वरणभात कामी आला. निशा शाळेतून येऊन त्याच्यापाशी बसायची. मी तिला सांगितलं होतं की डॅड पीत नव्हता, ती माझी चूक होती. ती फक्त "आय नो, मॉम" म्हणाली आणि त्यावर पुढे कधी बोलली नाही.

तुम्हाला सांगण्यासारखं माझ्याकडे फार नाही. माणसाची चाल बदलली, स्वभाव बदलला, तर आधी न्यूरॉलॉजिस्टकडे जा. शेजारपाजाऱ्यांचं निदान ऐकू नका. दुखापतींची नोंद स्वतः ठेवा, क्लब आणि शाळा ठेवत नाहीत. आणि घरात कुणी बेशुद्ध पडल्याची गोष्ट हसत सांगत असेल, तर हसू नका.

निशा हायस्कूलच्या टीममध्ये सॉकर खेळायची. मी नको म्हणत होते, पण डॅडचं रक्त. तिच्या सोळाव्या वर्षी, सीझन संपत आला असताना, मी बॅरीला व्हीलचेअरवर बसवून मॅचला घेऊन गेले होते. हेडर, म्हणजे डोक्याने बॉल मारायला, निशा आणि समोरच्या टीमची एक मुलगी एकदम उडाल्या आणि डोक्यावर डोकं आदळलं. निशा खाली पडली. क्षणभर हलली नाही. मग उठून बसली आणि हातांनी जमीन चाचपडायला लागली.

कोचने बाहेरूनच आरोळी दिली, "शी इज टफ! शेक इट ऑफ, निशा!" पालकांनी टाळ्या वाजवल्या. माझ्या शेजारी बॅरी खुर्चीत ताठ झाला. कितीतरी आठवड्यांत त्याच्या तोंडून पूर्ण वाक्य आलं नव्हतं. तो खणखणीत आवाजात ओरडला, "ऊठ बेटा! काही नाही झालं!"

त्याचा चेहरा इतका उजळला होता.

मी मैदानात गेले. रेफ्रीने शिटी वाजवली, कोच ओरडला, "मॅम, यू कान्ट बी आउट हिअर." मी निशापाशी गवतावर बसले आणि तिला विचारलं, आज वार कोणता, स्कोअर किती.

"मॉम, स्टॉप इट. आय ॲम फाइन. एव्हरीबडी इज लुकिंग."

"वार सांग."

तिने वार चुकीचा सांगितला.

मी तिला दंडाला धरून बाहेर आणलं. कोच मागून येत म्हणत होता, दहा मिनिटं तर उरलीत. मी त्याला म्हटलं, दहा मिनिटं तू खेळ. इमर्जन्सीत डॉक्टरांनी कन्कशन सांगितलं, म्हणजे मेंदूला बसलेला हिसका. तीन आठवडे मैदान बंद. तिची सीझनची शेवटची मॅच हुकली आणि टीम हरली.

आठवडाभर ती माझ्याशी बोलली नाही. रोज सकाळी दूध ओतताना ती माझ्याकडे जळजळीत नजरेने बघायची, आणि कुणी विचारलं, तर मी तिला सगळ्यांसमोर कसं ओढत आणलं, कोचला काय बोलले, किती मिनिटं उरली होती, ते एकही तपशील न चुकवता सांगायची. मी भिंतीपलीकडून ऐकत असे. कुणाच्या रागाचा मला आयुष्यात एवढा आनंद झाला नव्हता.